कोर्टात दिलेला मूळ कागद

“मूळ कागद कोर्टात आहे.” बँकेत, तहसील कचेरीत किंवा जातपडताळणी समितीपुढे हे वाक्य उच्चारले की पुढचे काम तिथेच थांबते. समोरचा कारकून ‘कागद आला की या’ म्हणतो आणि घरचे लोक दाव्याच्या निकालाची वाट बघू लागतात. ही वाट बघणे पुष्कळदा अकारण असते. दिवाणी दाव्यात हजर केलेला मूळ दस्तऐवज निकालाच्या आधी, दावा चालू असतानाच परत मागता येतो. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधल्या आदेश १३, नियम ९ मध्ये ते लिहिलेले आहे. ही संहिता १ जानेवारी १९०९ पासून लागू झाली, आणि तिच्या आधीच्या १८८२ च्या संहितेतही कागद परत देण्याची व्यवस्था होतीच. हक्क इतका जुना आहे, पण तो अर्ज करणाऱ्यालाच मिळतो. कोर्ट आपणहून कागद घरी पाठवत नाही.

आलापल्लीसारख्या गावात हा प्रश्न पुण्या-मुंबईपेक्षा जड होतो. सागवानासाठी नावाजलेले हे गाव अहेरी तालुक्यात येते. सिरोंचा, एटापल्ली आणि भामरागडकडे जाणारे रस्ते इथूनच फुटतात. अहेरी जवळच आहे, पण जिल्ह्याचे ठिकाण सुमारे शंभर किलोमीटरवर गडचिरोलीला, आणि उच्च न्यायालयाचे खंडपीठ थेट नागपूरला. अंतराइतकीच अडचण इथल्या कागदांच्या इतिहासाची आहे. गाव जागचे हलले नाही, पण त्याच्यावरचा अंमल बदलत राहिला. १८५३ पर्यंत चांदा, म्हणजे आजचा चंद्रपूरचा भाग, नागपूरकर भोसल्यांकडे होता. १८६१ मध्ये मध्य प्रांत झाला, पुढे त्याला वऱ्हाड जोडले गेले. १९५० मध्ये त्याच प्रदेशाचे मध्य प्रदेश राज्य झाले. १ नोव्हेंबर १९५६ रोजी विदर्भ द्विभाषिक मुंबई राज्यात आला, १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात, आणि २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूर जिल्ह्याचे दोन भाग होऊन गडचिरोली वेगळा झाला. एखाद्या शेताचा १९५० च्या आधीचा कागद शोधायचा, तर तो चंद्रपूरच्या अभिलेख कक्षात असेल की गडचिरोलीच्या, सिरोंचा तहसिलीत की अहेरीत, इथपासून विचारावे लागते.

त्यामुळे घरातल्या पेटीत असलेला एक जुना कागद इथे फार मोलाचा ठरतो. शहरातल्या फ्लॅटचा करारनामा हरवला तर दुय्यम निबंधकाच्या कार्यालयातून त्याची नक्कल निघते. आलापल्लीच्या परिसरातल्या कुटुंबाकडे मात्र कधी १९५४-५५ च्या अधिकार अभिलेखाची जुनी नक्कल असते, कधी कोतवाल पंजीतल्या जन्मनोंदीचा उतारा, कधी आजोबांनी साध्या कागदावर करून ठेवलेली वाटणी. मूळ पंजी जीर्ण झाली असेल तर नवा उतारा निघत नाही. मग पन्नास वर्षांपूर्वी मिळालेली सही-शिक्क्याची नक्कलच त्या घरासाठी मुळाच्या जागी असते.

कागद आणि कोर्ट यांचे या भागातले नाते जुने आहे. अहेरीची जमीनदारी मध्य प्रांतातल्या मोठ्या जमीनदाऱ्यांपैकी एक. मध्य प्रदेशाने मालकी हक्क रद्द करणारा कायदा केला, तो १९५१ च्या जानेवारीत राष्ट्रपतींच्या संमतीनंतर प्रसिद्ध झाला आणि ३१ मार्च १९५१ ही जमीनदाऱ्या सरकारकडे जाण्याची तारीख ठरली. त्याविरुद्ध अहेरीचे जमीनदार विश्वेश्वरराव थेट सर्वोच्च न्यायालयात गेले. पिढ्यानपिढ्या पूर्ण मालकी हक्काने ही मिळकत आपल्या घराण्याकडे आहे, हे त्यांचे म्हणणे. १९५२ च्या मे महिन्यात न्यायालयाने कायदा वैध ठरवला आणि याचिका फेटाळली. ‘विश्वेश्वरराव विरुद्ध मध्य प्रदेश राज्य’ हा निकाल कायद्याच्या विद्यार्थ्याला आजही वाचावा लागतो. तो मूलभूत हक्कांसाठीच्या याचिकेवरचा निकाल होता. अशा याचिका सहसा प्रतिज्ञापत्रांवर आणि त्यांना जोडलेल्या प्रतींवर चालतात. जुनी सनद न्यायाधीशांपुढे उलगडून तिच्यावरची सही कोणाची, हे साक्षीदाराला विचारण्याचा प्रसंग तिथे क्वचित येतो. दिवाणी दाव्यात तो हमखास येतो. दोन भावांची वाटणी असो, बांधाचा वाद असो, मृत्युपत्र खरे की खोटे हा प्रश्न असो, दिवाणी न्यायाधीश पहिल्यांदा मूळ कागद मागतात.

पुराव्याच्या कायद्याचा तो पायाच आहे. दस्तऐवजातला मजकूर सिद्ध करायचा तर दस्तऐवजच दाखवायचा. प्रत चालते ती अपवाद म्हणून, मूळ हरवले, नष्ट झाले किंवा विरोधी पक्षाच्या ताब्यात आहे असे दाखवल्यावर. १८७२ च्या पुरावा कायद्यात हेच होते आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमातही सूत्र तेच आहे. म्हणून वादी ज्या कागदावर दावा उभा करतो तो त्याने वादपत्रासोबतच हजर करायचा असतो, आणि त्याची एक प्रतही द्यायची असते. ज्यांच्या प्रती आधी दिल्या, त्यांचे मूळ मुद्दे काढण्याच्या वेळी किंवा त्याआधी कोर्टात यायला हवे. प्रतिवादीलाही कैफियतीबरोबर तोच नियम.

कागद यादीसोबत दाखल होतो. साक्षीत तो सिद्ध झाला की त्याला निशाणी क्रमांक मिळतो. पुराव्यात घेतलेल्या प्रत्येक कागदावर चार गोष्टी लिहायच्या असतात: दाव्याचा क्रमांक आणि शीर्षक, कागद हजर करणाऱ्याचे नाव, हजर केल्याची तारीख, आणि तो पुराव्यात स्वीकारला असा शेरा. त्याखाली न्यायाधीशांची सही किंवा आद्याक्षरे. हा शेरा पुढे कायम राहतो. कागद घरी परत आला तरी तो एकदा कोर्टात जाऊन आला हे त्याच्या अंगावर लिहिलेले असते. निशाणी पडली म्हणजे कागद खरा ठरला, असा समज खेड्यांत आणि शहरांतही आहे. तो चुकीचा आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९७१ साली ‘सैत ताराजी खिमचंद’ प्रकरणात सांगितले की केवळ निशाणी क्रमांक दिल्याने दस्तऐवज सिद्ध होत नाही. मूळ परत घेण्याची घाई करणाऱ्याने हे लक्षात ठेवावे, कारण सिद्ध व्हायचा राहिलेला कागद परत मिळणे अवघड असते.

कोर्टात दाखवलेला प्रत्येक कागद कोर्टातच राहतो असेही नाही. दुकानदाराची चालू खातेवही किंवा सरकारी कचेरीची नोंदवही वर्षानुवर्षे कोर्टात पडून राहिली तर तिथले व्यवहार बंद पडतील, म्हणून कायद्याने वेगळी सोय केली आहे. वही दाखवायची, हवी ती नोंद खूण करून घ्यायची, तिची ताडून पाहिलेली प्रत दफ्तरी ठेवायची आणि वही घेऊन जायची. आणि जो कागद न्यायाधीशांनी पुराव्यात घेतलाच नाही, तो दफ्तराचा भाग होत नाही. त्यावर नाकारल्याचा शेरा मारून तो आणणाऱ्याला परत द्यायचा असतो. अनेकांना हे माहीत नसल्याने असा नाकारलेला कागदही फाईलमध्ये तसाच राहून जातो.

आता मुख्य प्रश्न. पुराव्यात घेतलेला कागद कधी परत मिळतो?

नियम ९ सांगतो: ज्या दाव्यात अपील नाही, तिथे दावा निकाली निघाल्यावर. जिथे अपील आहे, तिथे अपिलाची मुदत संपून अपील झाले नाही अशी कोर्टाची खात्री पटल्यावर; अपील झाले असेल तर त्याचा निकाल लागल्यावर. अहेरीच्या दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यावर जिल्हा न्यायालयात तीस दिवसांत अपील करता येते. त्यापुढे कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न असेल तर नागपूर खंडपीठाकडे दुसरे अपील, त्याची मुदत नव्वद दिवस. हे टप्पे एकापाठोपाठ आले तर कागद किती काळ कोर्टाच्या कपाटात राहील याचा अंदाज बांधता येत नाही.

महाराष्ट्रातल्या एका गाजलेल्या दाव्यावरून तो काळ किती लांबू शकतो ते दिसते. पुण्याचे सरदार बाबा महाराज पंडित १८९७ च्या ऑगस्टमध्ये वारले. त्यांच्या मृत्युपत्रान्वये नेमलेल्या विश्वस्तांमध्ये लोकमान्य टिळक होते. १९०१ च्या जूनमध्ये बाबा महाराजांच्या विधवा ताई महाराज यांनी औरंगाबादला जगन्नाथ या मुलाला दत्तक घेतले. पुढे त्या दत्तकविधीला त्यांनीच नाकबूल केले, दुसरा मुलगा दत्तक घेतला, आणि ‘ताई महाराज प्रकरण’ म्हणून ओळखला जाणारा वाद सुरू झाला. औरंगाबादला काय झाले, कोणत्या कागदावर कोणी सही केली, यावरच सारे अवलंबून होते. टिळकांवर फौजदारी खटलाही झाला. १९०३ मध्ये शिक्षा, १९०४ मध्ये उच्च न्यायालयात सुटका. दिवाणी दाव्यात पुण्याच्या कोर्टाने १९०६ मध्ये जगन्नाथचे दत्तक वैध ठरवले, मुंबई उच्च न्यायालयाने १९१० मध्ये ते उलटवले, आणि १९१५ मध्ये लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने पुण्याचा निकाल पुन्हा उभा केला. चौदा वर्षे. अपिलांची साखळी तुटेपर्यंत थांबायचे म्हटले, तर १९०१ साली मूल असलेला जगन्नाथ आपल्या घराण्याचे कागद हाती घेईपर्यंत तरुण झाला असता.

संहितेने इतके थांबायला लावलेले नाही. नियम ९ च्या पहिल्याच परंतुकात निकालाआधीची वाट खुली ठेवली आहे. दाव्यातल्या पक्षकाराने दोन गोष्टी करायच्या. मूळ कागदाच्या जागी ठेवण्यासाठी त्याची सही-शिक्क्याची नक्कल द्यायची, आणि कोर्टाने मागितल्यावर मूळ पुन्हा हजर करीन असे हमीपत्र लिहून द्यायचे. हे केले की ठरलेल्या वेळेच्या आधी, केव्हाही, कोर्ट मूळ परत देऊ शकते.

कागद दाव्यातल्या वादी-प्रतिवादीचाच असायला हवा असेही नाही. साक्षीसमन्स मिळाल्यामुळे एखादा शेजारी, बँकेचा अधिकारी किंवा ग्रामपंचायतीचा सचिव कागद घेऊन येतो. त्याच्यासाठी अट आणखी सोपी आहे. त्याला सही-शिक्क्याची नक्कल काढावी लागत नाही. ताडून पाहिलेली आणि तशी प्रमाणित केलेली साधी प्रत पुरते. ज्याचा वादाशी संबंध नाही त्याला वादाचा भार कमीत कमी पडावा, हा त्यामागचा विचार. खेड्यात साक्षीला जाण्याची टाळाटाळ होते, त्यामागे ‘आपला कागद अडकेल’ ही भीतीही असते. ती या एका वाक्याने बरीच दूर होते, आणि समन्स बजावताना ते सांगितले जायला हवे.

प्रत्यक्षात हे कसे घडते? समजा, आलापल्लीजवळच्या एका गोंड कुटुंबात शेतीच्या वाटणीचा दावा चालू आहे. वंशावळ दाखवण्यासाठी वादीने कोतवाल पंजीचा जुना उतारा आणि पणजोबांच्या नावाची महसुली नोंद हजर केली आहे. दोन वर्षांनी त्याच घरातल्या मुलीला अभियांत्रिकीला प्रवेश मिळतो आणि अनुसूचित जमातीच्या प्रमाणपत्राची वैधता हवी असते. गडचिरोलीच्या तपासणी समितीपुढे जुन्या नोंदींना मोठे वजन असते. स्वातंत्र्यापूर्वीच्या कागदांचे पुराव्यातले मोल अधिक, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ च्या नोव्हेंबरमध्ये, अमरावतीच्या समितीच्या निर्णयावरून आलेल्या एका प्रकरणात म्हटले आहे. म्हणजे जो कागद वाटणीच्या दाव्यात निशाणी क्रमांक होऊन पडला आहे, तोच मुलीच्या शिक्षणासाठी लागणार. प्रवेशाची मुदत आठवड्यांत मोजायची आणि दाव्याची वर्षांत.

अशा वेळी पहिले पाऊल नक्कल विभागात. दाव्याचा क्रमांक, निशाणी क्रमांक आणि कागदाचे नाव लिहून नक्कल अर्ज द्यायचा, फी भरायची. नक्कल हाती आली की ‘मूळ दस्तऐवज परत मिळणेबाबत’ असा अर्ज दाव्यातच करायचा. तो मराठीत चालतो. राज्यातल्या जिल्हा आणि तालुका न्यायालयांची भाषा मराठी असल्याची अधिसूचना १९९८ ची आहे. अर्जात कागद कशासाठी हवा ते नेमके लिहावे. ‘खाजगी कामासाठी’ असे मोघम लिहिण्यापेक्षा समितीची नोटीस, प्रवेशाची तारीख किंवा बँकेचे पत्र जोडले तर न्यायाधीशांना निर्णय घेणे सोपे जाते. सोबत नक्कल, हमीपत्र आणि गरज असल्यास प्रतिज्ञापत्र. कोर्ट बहुधा त्यावर विरुद्ध पक्षाचा ‘से’, म्हणजे म्हणणे, मागवते. दुसऱ्या बाजूच्या वकिलाने ‘हरकत नाही’ अशी पुरशीस दिली तर काम लवकर होते. वाद तुटेपर्यंत ताणलेला असला तरी भावाच्या मुलीच्या प्रवेशाला हरकत घेणारे फारसे नसतात. मात्र कागदाची गरज कशासाठी आहे हे त्यांना कोणीतरी सांगावे लागते. हुकूम झाला की दफ्तरातल्या मुळाच्या जागी नक्कल लावली जाते आणि मूळ पोचपावतीवर सही घेऊन दिले जाते. ही पोचपावती कायद्याने घ्यायचीच असते.

हुकूम प्रत्येक वेळी होईलच असे नाही. परंतुकातला शब्द न्यायाधीशांना मोकळीक देणारा आहे. कागदावरची सहीच खोटी आहे असा वाद असेल, हस्ताक्षरतज्ज्ञाची तपासणी व्हायची असेल, शाई, खाडाखोड किंवा अंगठ्याचा ठसा पाहायचा असेल, तर नक्कल मुळाची जागा घेऊ शकत नाही. तिथे कोर्ट नकार देते, आणि तो रास्तच असतो. ज्या साक्षीदाराला कागद दाखवायचा आहे त्याची उलटतपासणी बाकी असेल तरीही बरेच न्यायाधीश थांबायला सांगतात. पण मजकुराबद्दल कोणाचे दुमत नाही, सही दोन्ही बाजूंना मान्य आहे, फक्त त्याचा अर्थ काय यावर भांडण आहे, अशा कागदाचे मूळ कोर्टात अडकवून ठेवण्यात काहीच साधत नाही. अशा वेळी कागद मोकळा करणे हे न्यायदानाचेच काम आहे, त्याला उपकार समजू नये. वकिलांनीही दाव्याच्या सुरुवातीलाच विचार करावा: कोणता कागद विरुद्ध पक्षाला मान्य आहे? तो मान्य करून घेतला तर पुढे मूळ परत मागताना निम्मे काम झालेले असते.

हमीपत्राचे वजन मात्र ओळखायला हवे. कागद परत मिळाला म्हणजे तो मोकळा झाला, असे नाही. खरेदीखत परत घेऊन बँकेत ठेवले आणि कर्ज काढले, तर कोर्टाने मागितल्या दिवशी ते हाती नसते. मिळकतीचे मूळ कागद बँकेत ठेवून गहाण करण्याची पद्धत संपत्ती हस्तांतरण कायद्याच्या कलम ५८ मध्ये मान्य आहे, आणि बँक मूळ सहजी सोडत नाही. शिवाय दावा चालू असताना त्या मिळकतीवर केलेला व्यवहार दाव्याच्या निकालाला बांधलेला राहतो. म्हणून कर्जासाठी कागद हवा असेल तर ते अर्जातच सांगणे शहाणपणाचे; कोर्टाला अंधारात ठेवून कागद नेला आणि हमी पाळता आली नाही, तर दावाच धोक्यात येतो.

कागद परत कोणाला मिळतो, यातही एक बारकावा आहे आणि खेड्यातल्या एकत्र कुटुंबात त्यावरून नवे भांडण उभे राहते. नियमाचे शब्द ‘ज्याने हजर केला’ असे आहेत. मिळकत चार भावांची असली तरी थोरल्याने खरेदीखत हजर केले असेल तर परत मागण्याचा हक्क त्याचा. धाकट्याने अर्ज केला तर कोर्ट विचारेल, कागद तुम्ही दाखल केला होता का? म्हणून दाखल करतानाच यादीवर कोणाचे नाव जाते इकडे लक्ष द्यावे. हजर करणारा दाव्यादरम्यान वारला, तर त्याचे वारस दाव्यात आल्यावर त्याच्या जागी उभे राहतात. आलापल्लीत तेलुगू मजकुराचे किंवा मोडीतले जुने कागदही निघू शकतात. सिरोंचाकडचा भाग तेलंगणाला लागून आहे. अशा कागदाचे भाषांतर किंवा लिप्यंतर कोर्टात दिले असेल, तर परत घेताना दोन्ही मागायला विसरू नये.

काही कागद मात्र परत येत नाहीत. न्यायाधीशांना पुरेसे कारण दिसले तर ते कागद अडकवून कोर्टाच्या अधिकाऱ्याच्या ताब्यात ठेवण्याचा हुकूम करतात. बनावट असल्याचा संशय हे त्यातले मोठे कारण. दुसरा प्रकार मुद्रांकाचा. महाराष्ट्र मुद्रांक अधिनियम, १९५८ च्या कलम ३३ प्रमाणे पुरेसा मुद्रांक नसलेला दस्त समोर आला तर तो अडकवणे न्यायाधीशांचे कर्तव्य ठरते, आणि मुद्रांक शुल्क व दंड भरेपर्यंत तो पुराव्यात घेता येत नाही. साध्या कागदावरची इसार पावती, नोटरीपुढे केलेला ताब्याचा करार, घरच्या घरी लिहिलेली वाटणी, या कागदांचे असे होते. पन्नास-शंभर रुपयांच्या मुद्रांकावर व्यवहार पुरा झाला असे समजणाऱ्या माणसाला कोर्टात गेल्यावरच खरी किंमत कळते. तिसरा प्रकार हुकूमनाम्यानेच रद्द किंवा निरुपयोगी ठरलेल्या कागदाचा. एखादे खरेदीखत फसवणुकीने झाले म्हणून कोर्टाने रद्द केले, तर ते कागद म्हणून परत देऊन पुन्हा बाजारात फिरू द्यायचे नाही, एवढी काळजी नियमाने घेतली आहे. ते नोंदणीकृत असेल तर हुकूमनाम्याची प्रत दुय्यम निबंधकाकडे जाते आणि तिथल्या पुस्तकात रद्द झाल्याची नोंद होते.

अहेरी तालुक्यात आणखी एका कागदाला, जमीन हस्तांतराच्या परवानगी आदेशाला, विशेष महत्त्व आहे. आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीकडे जाण्यावर जमीन महसूल संहितेच्या कलम ३६ आणि ३६-अ ने बंधने घातली आहेत. ६ जुलै १९७४ नंतर अशा व्यवहाराला जिल्हाधिकाऱ्यांची आधी परवानगी लागते. १९५७ ते १९७४ या काळात गेलेल्या जमिनी परत देण्यासाठी १९७४ चा वेगळा कायदा आहे आणि तो १ नोव्हेंबर १९७५ पासून अमलात आला. या प्रकरणांची सुनावणी महसूल अधिकाऱ्यांपुढे होते, दिवाणी कोर्टात नाही. त्यामुळे कुटुंबाचा एकच परवानगी आदेश किंवा जुना सातबारा कधी तहसिलीच्या फाईलमध्ये तर कधी कोर्टाच्या दफ्तरात सापडतो. कोणता कागद कुठे दिला याची एक साधी वही घरात असली, प्रत्येक कागदापुढे तारीख, प्रकरण क्रमांक आणि निशाणी क्रमांक लिहिला, तर नातवंडांचे वर्षभराचे हेलपाटे वाचतात.

वनहक्क कायद्याने या भागात एक वेगळीच दिशा दाखवली. धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला. देशात असा हक्क मिळालेल्या पहिल्या गावांत त्याची गणना होते. त्या कायद्याच्या नियमांत पुरावा म्हणून सरकारी नोंदींसोबत वडीलधाऱ्यांचे लेखी निवेदनही चालते, विहीर, घर, स्मशान, देवस्थान यांसारख्या प्रत्यक्ष खुणाही चालतात. ज्यांच्या हाती कधी कागद दिलाच नाही, त्यांच्याकडे कागद मागणे अन्यायाचे, हे तिथे मान्य झाले. दिवाणी दाव्याला ती सवलत नाही. तिथे मूळ कागदाशिवाय पाऊल पुढे पडत नाही, आणि म्हणून तो कोर्टात देताना व परत घेताना इतकी दक्षता लागते.

कागद कोर्टाच्या ताब्यात असताना खरोखरच हरवला किंवा खराब झाला तर? नोंदणीकृत दस्त असेल तर नोंदणी अधिनियमाच्या कलम ५७ खाली मिळणाऱ्या प्रमाणित नकलेने मजकूर सिद्ध करता येतो. नोंदणी नसलेला कागद असेल तर दाखल करताना दिलेली प्रत, यादीवरची कोर्टाची पोच आणि रोजनाम्यातली नोंद यांवरून मूळ कोर्टात होते हे दाखवावे लागते आणि मग दुय्यम पुराव्याची परवानगी मागावी लागते. यासाठीच दाखल करण्याआधी कागदाच्या दोन्ही बाजूंची स्वच्छ छायाप्रत काढून ठेवावी. मागची बाजू सोडू नये. मुद्रांक विक्रेत्याचा शिक्का, साक्षीदारांची नावे आणि नोंदणी क्रमांक बहुधा तिथेच असतात.

आणि दावा संपल्यावर? निकाल लागला, अपिलाची मुदत गेली, सगळे घरी आले, की कागदाची आठवण मागे पडते. दफ्तर अभिलेख कक्षात जाते. कोर्टाचे कागद कायमचे जपले जात नाहीत. १९१७ च्या अभिलेख नष्ट करण्याविषयीच्या कायद्याने उच्च न्यायालयांना तसे नियम करण्याचा अधिकार दिला आहे, आणि त्यांप्रमाणे दफ्तराचे वर्ग पाडून काही भाग ठरावीक काळानंतर नष्ट केला जातो. परत न नेलेला मूळ कागदही त्या दफ्तरातच असतो. म्हणून मुदत संपताच अर्ज करावा. दावा अपिलात गेला असेल तर मूळ दफ्तर कोणत्या कोर्टात आहे ते आधी विचारावे, कारण गडचिरोलीला गेलेल्या दफ्तरासाठी अहेरीत अर्ज करून कागद मिळत नाही. हाती घेताना निशाणी क्रमांक, पानांची संख्या, मागचे शेरे आणि जोडलेले नकाशे यादीशी ताडून पाहावेत आणि मगच पोचपावतीवर सही करावी.